जून बावन्न

१ जानेवारी २०२४, सोमवार. सकाळी ६.१०

राइस मिलमध्ये दरवर्षी फुकट मिळणारी डायरी. पहिल्या पानावर दुलीचंद शेठचा फोटो होता, त्यावर कॅलेंडरचा कागद चिकटवला. मिलच्या वहीत मी दिवसभर शेठचं लिहितो. इथे स्वतःचं लिहीन.

संकल्प एकच. यावर्षी घराच्या कर्जात, हप्त्याशिवाय, एक लाख रुपये जास्तीचे भरायचे. पुढेही दरवर्षी भरायचे.

परिस्थिती एकदा नीट मांडून ठेवतो. फुलचूरचं घर, तीस लाख. आपले सहा, बँकेचे चोवीस. जुलै एकवीसपासून महिन्याला हप्ता अठरा हजार सहाशे सात. व्याज सात टक्के. तिकडे गावी, नवेगाव बांधला, माय अजूनही लोकांना पेरणीचं धान सवाईनं देते. चार पोती नेली तर कापणीनंतर पाच आणून द्यायची. म्हणजे शेकडा पंचवीस, आणि तरी लोक घेतात. बँक सातच घेते. चोवीस लाखांवर सात टक्के म्हणजे एक लाख अडुसष्ट हजार. मूळ धरून पंचवीस लाख अडुसष्ट. भागिले हप्ता. साडेअकरा वर्षांत काम फत्ते. कागदावर वीस वर्षं लिहिली आहेत, ती बँकेनं आपल्या सोयीनं सैल धरली असतील, मी काही बोललो नाही. अडीच वर्षं होऊन गेली. दरवर्षी लाख जास्तीचे गेले की उरली फक्त सहा.

हे सगळं मायसाठी. वास्तूच्या दिवशी तिनं स्पष्ट सांगितलं होतं की कर्ज फिटल्याशिवाय या घरात राहायला येणार नाही. जुनी माणसं, शब्दाची पक्की. तिकडे एकटी राहते. आज बहात्तर. सहा वर्षांनी अठ्ठ्याहत्तर. तब्येत ठणठणीत आहे, काळजी नाही.

५ जानेवारी. सकाळी ९.०४

हप्ता गेला. मेसेज वाचून बरं वाटलं. मिलमधल्या कोणाचंही एवढं मोठं कर्ज नाही.

१५ जानेवारी. संक्रांत

पोराला, गुड्डूला, मोटरसायकलवर बसवून नवेगाव बांधला गेलो. माय अंगणात सूप घेऊन बसली होती. तिला सांगितलं, सहाच वर्षं राहिली. ती म्हणाली, बरं. मग विचारलं, रांधनीत सकारचा ऊन येते का? नाहनीले कडी आतून हाय का बाहेरून? गुड्डू कोनत्या खोलीत निजते? घरात राहायचं नाही म्हणणाऱ्या बाईला कडीची चौकशी कशाला, देव जाणे. म्हाताऱ्या माणसांना विषय लागतो.

व्याजाचा हिशेबही समजावला. तिनं सूप थांबवलं. म्हणाली, सात रुपये एकडाव का दर साली? मी म्हटलं, माय, बँक म्हणजे सावकार नाही. ती म्हणाली, मंग बँकवाला भोळा हाय बिचारा.

१० फेब्रुवारी

जास्तीच्या लाखासाठी वेगळं खातं काढलं आहे. शिल्लक नऊ हजार.

१८ फेब्रुवारी

शिल्लक दोनशे दहा. टीव्ही घेतला, त्रेचाळीस इंची. एक्स्चेंजमध्ये अकरा हजारांची सूट होती, म्हणजे अकरा हजार वाचलेच. ते पुढेमागे कर्जात टाकता येतील. बायको, नूतन, म्हणाली, जुन्या टीव्हीत का धाड भरली होती? तिला गुंतवणूक कळत नाही.

५ मार्च, मंगळवार

टॅक्सच्या कागदांसाठी बँकेत गेलो. कर्जाचा उतारा मागितला. काउंटरवर हिमांशू नावाचा पोरगेला ऑफिसर. प्रिंट काढून दिली, वर पाण्याचा ग्लास पण दिला. पाणी आधी का दिलं ते नंतर कळलं.

आजवर भरले: सहा लाख चौदा हजार.
मुद्दलात गेले: एक लाख पंधरा हजार.
शेवटचा हप्ता: जून २०५२.

मी म्हटलं, छपाईची चूक आहे. तो म्हणाला, नहीं सर. इंटरेस्ट हर महीने लगता है, जितका बाकी आहे तितक्यावर. फ्लोटिंग रेट है, सातचा नऊ झाला. हप्ता तोच ठेवला म्हणून महिने वाढले. मेसेज भेजा था. मी विचारलं, किती वाढले? अकरा साल, सर. मी विचारलं, एकूण किती भरणार मी? त्यानं कॅल्क्युलेटर माझ्याकडे फिरवला. एकोणसत्तर लाख वीस हजार.

पाणी प्यायलो.

तो म्हणाला, हप्ता तीन हजार एकशे सत्तरनं वाढवा सर, परत एक्केचाळीसमध्ये मोकळे व्हाल. दरमहा तीन हजार एकशे सत्तर! हे पैसे काय झाडाला लागतात? त्या पोराला संसार माहीत नाही. निघून आलो.

६ मार्च

चूक बँकेची आहे. फोनमध्ये मागच्या वर्षीचा मेसेज सापडला खरा. मला ती जाहिरात वाटली होती. जाहिरातीसारखा मेसेज पाठवला तर माणूस काय करणार.

१२ मार्च. सकाळी ८

एक विचित्र प्रकार घडला. नूतननं पोह्यांची प्लेट ठेवली. वर पाहिलं तर तिचे सगळे केस पांढरे. गळ्याची कातडी लोंबलेली. ओठ हलत होते, लिंबू पिळू का विचारत होती. मी किंचाळलो. परत पाहिलं तर नेहमीची नूतन, छत्तीस वर्षांची, चिडलेली.

जून बावन्नमध्ये ती चौसष्टची असेल. मी हिशेब करत नव्हतो. तो आपोआप झाला.

१३ मार्च

गुड्डू शाळेत जाताना बुटाची लेस बांधत होता. पोट सुटलेलं, पुढून टक्कल, सदतीस वर्षांचा बाप्या. म्हणाला, पप्पा, दहा रुपये द्या. दिले.

१४ मार्च

चष्म्याचा नंबर वाढला आहे. दुसरं काही नाही. नवीन काच टाकली, अठराशे रुपये.

१९ मार्च

नवीन काचेतून जास्त स्पष्ट दिसतं.

मिलमध्ये गेलो तर शेठच्या खुर्चीत कोणी नव्हतं. मागच्या भिंतीवर त्यांचा फोटो आणि चंदनाचा हार. शेठ आज सत्तरचे, तेव्हा अठ्ठ्याण्णवचे झाले असते. मी चपला काढल्या, हात जोडले. तेवढ्यात खुर्चीतूनच शेठचा आवाज आला, क्यों भुपेंद्र, सुबह सुबह क्या नाटक है? अर्ध्या दिवसाचा पगार कापला.

२५ मार्च. होळी

रंग लावून सगळे सारखे दिसतात. आज बरं वाटलं.

५ एप्रिल. ९.०४

हप्ता गेला. अठरा हजार सहाशे सात. त्यातलं व्याजच सतरा हजारांच्या वर. म्हणजे मुद्दलात दीड हजारही नाही, पोतंभर धानाची किंमत. आता मेसेजची ट्यून ऐकवत नाही. ट्यून बदलली. दुपारी शेजाऱ्याचा फोन त्या जुन्या ट्यूनवर वाजला आणि माझ्या हातून चहाचा कप पडला.

२१ एप्रिल, रविवार

नूतनला उतारा सापडला. टीव्हीच्या वॉरंटी कार्डाखाली ठेवला होता. कागद हातात धरून विचारलं, हे का होय? मी सांगितलं, तांत्रिक बाब आहे. ती म्हणाली, एकोनसत्तर लाखात तांत्रिक का हाय? चोवीस घेतले ना तुम्ही? मग म्हणाली, हप्ता वाढवून टाका, मी माया भिशीतून दोन हजार देते, बाकीचे तुम्ही पेट्रोलातले काढा. मी म्हटलं, घाईत निर्णय नको, व्याज उतरणार आहे अशी चर्चा आहे. ती म्हणाली, कोन करते चर्चा? मी म्हटलं, सगळेच.

बोलताना तिच्याकडे पाहिलं नाही. आरशातही हल्ली पाहत नाही. दाढी न्हाव्याकडे करतो. सत्तर वर्षांच्या गालावरून स्वतःचा हात फिरवायला नको वाटतं.

१२ मे, रविवार

मायला चार महिने भेटलो नव्हतो. नूतननं डबा बांधून दिला आणि घराबाहेर काढलं.

वाटेत कोहमाऱ्याला ढाब्यावर चहा घेतला. दुसराही घेतला. एक ट्रकवाला म्हणाला, दादा, कोणाची वाट पाहून राहिले का? मी म्हटलं, नाही. तिसरा घेतला.

घरी पोचलो. ओसरीवर मायची खाट. खाटेवर कोणी नव्हतं. आणि तिकडूनच आवाज आला, आलास का बाबू, उन्हातानात काऊन आलास? मी पाहत राहिलो. सुंभाला झोळसुद्धा पडला नव्हता. पाण्याचा लोटा समोर आला. कोणी आणला ते दिसलं नाही.

नूतन दिसते, गुड्डू दिसतो, शेठचा निदान फोटो दिसतो. मायच्या वयाची वजाबाकी मी मुद्दाम केली नव्हती. पण त्या रिकाम्या खाटेनं ती करून दाखवली. जून बावन्नमध्ये माय शंभर.

आवाज म्हणाला, बांधातली मच्छी आणली हाय, जेवूनशान जाजो. मी म्हटलं, मिलमध्ये काम आहे. डबा खाटेवर ठेवला आणि निघालो. पाया पडलो नाही. कुठे वाकायचं ते कळेना. मागून विचारलं, अजून साहाच साल ना रे? मी म्हटलं, हो, साडेपाच.

भीती वाटली. खूप वाटली. लिहून ठेवतो, इथे कोण वाचणार आहे.

१३ मे

संकल्प: माय दिसेपर्यंत तिकडे जायचं नाही. आधी कर्जाचा सोक्षमोक्ष.

९ जून

मोटरसायकल सर्व्हिसिंगला टाकली म्हणून नवेगावला गेलो नाही.

२३ जून

मोटरसायकल आली. आभाळ आलं होतं म्हणून गेलो नाही.

१४ जुलै

मिलमध्ये सीझनचं काम. सीझन संपून महिना झाला, पण काम असतंच.

जास्तीच्या लाखाच्या खात्यात पाचशे दहा. खातं चालू ठेवायला कमीत कमी एक हजार लागतात म्हणून बँकेनं दंड कापला, आता एकशे छप्पन.

५ ऑगस्ट. ९.०४

गेला.

२ सप्टेंबर. पोळा

गुड्डूला लाकडाचा बैल आणून दिला. तो अंगणात फिरवत होता. अंगणात सदतीस वर्षांचा माणूस लाकडाचा बैल ओढत फिरतो आहे आणि मागे रंग उडालेलं घर, स्लॅबला ओल धरलेली. त्यानं विचारलं, पप्पा, हे घर आपलं आहे ना? वर्गात मॅडमनी प्रत्येकाला विचारलं होतं म्हणे. मी म्हटलं, हो. तो म्हणाला, पूर्ण? मी म्हटलं, जा, बैलाला चारा घाल.

२० ऑक्टोबर

नवेगावच्या शेजारच्या निर्मलाबाईंचा फोन. म्हणाल्या, भुपेन, तुयी माय तुले इचारत होती, मंडईच्या जत्रेले तरी येशीन का म्हणे. माय शेजारीच उभी असणार, कारण निर्मलाबाई एक वाक्य बोलून थांबत आणि मग दुसरं बोलत. फोन मायला द्या असं म्हणायला हवं होतं. रेंज गेल्याचं सांगितलं.

६ नोव्हेंबर, बुधवार

आज नवेगावची मंडई. आठ दिवस आधीपासून डोकं दुखतंय असं सांगत होतो. नूतन म्हणाली, डोकं घरी ठेवा अन् चला. तिघं गेलो.

सगळा गाव पाहुण्यांनी भरलेला. दंडारीच्या नाचाचा ढोल, जिलेबीच्या कढया. मी जिलेबीच्या दुकानापाशी रेंगाळलो. शेवटी नूतननं हाताला धरून ओसरीवर नेलं.

खाट रिकामीच. मी खाटेकडे पाहून बोलायला लागलो. म्हटलं, माय, साडेपाच वर्षं बोललो ते खोटं. अठ्ठावीस राहिली. बँकेनं फसवलं. तू शब्द दिला आहेस की कर्ज फिटल्याशिवाय येणार नाहीस, आणि तो शब्द मला पाळता येत नाही. असं एका दमात बोललो. गुड्डू जिलेबी खायचा थांबला.

मायचा आवाज आला. म्हणाली, मी कवा दिला शब्द?

मी म्हटलं, वास्तूच्या दिवशी.

ती म्हणाली, मी नाई रे बाबू. तूच म्हटलास. आता कर्जाचा घर हाय, फिटलं का तुले नेतो, असा म्हटलास. मी आपली बरं म्हटली. मले वाटलं बँकवाले मानसं मोजत असतीन. एक मानूस जास्त दिसला तर तुया हप्ता वाढवतीन. म्हणून मी कवा रात वस्तीले नाई आली.

मी नूतनकडे पाहिलं. ती म्हणाली, खरं हाय. मी होती ना तिथंच. तुमचे शेठ आले होते तवाच बोलले तुम्ही.

मला तसं आठवत नाही. त्या दिवशी दुलीचंद शेठ नव्या सोफ्यावर बसले होते आणि माय त्यांच्यासमोर फरशीवर बसून तंबाखूची गुडाखू दातांवर घासत होती, एवढं आठवतं. तिला मागच्या खोलीत जा म्हटलं होतं. मग तिला वाईट वाटू नये म्हणून काहीतरी बोललो. ते हेच असेल.

साडेतीन वर्षं.

आणि मग माय दिसली. खाटेवर बसलेली, बहात्तर वर्षांची, जेवढी आहे तेवढीच. दात थोडे कमी झाले आहेत. हिरवं लुगडं. मी पायावर डोकं ठेवलं, तर म्हणाली, उठ, लोक पाहून राहिले. मग मला तिनं हिशेब विचारला, मी सगळा सांगितला. ती म्हणाली, मी सवाई एकडाव घेतो बापा. ज्याचा पीक गेला त्याले म्हनतो, पुढच्या साली दे, तेवढीच दे. तुया बँकवाला तं रोज सूप घेऊन दारात बसला हाय. हे म्हणताना ती हसली. माझ्या डोळ्यांत पाणी आलं, आणि ते आलं म्हणून मला बरं वाटलं.

ठरलं. येत्या रविवारी मायला घेऊन यायचं. कायमचं. ती म्हणाली, खरंच का? मी म्हटलं, खरंच. ढोलाच्या आवाजात तिला ऐकू गेलं नाही म्हणून दोनदा म्हटलं.

येताना नूतनचे केस काळे होते. गुड्डू नऊ वर्षांचा, मध्ये बसून झोपला.

७ नोव्हेंबर, गुरुवार

हलकं वाटतंय. मिलमध्ये शेठ खुर्चीत दिसले. नमस्कार केला नाही.

संध्याकाळी घर मायच्या नजरेनं पाहिलं. तिला कुठे ठेवायचं? हॉलमध्ये टीव्ही, त्रेचाळीस इंची, आवाज मोठा. गुड्डूच्या खोलीत त्याचं टेबल. न्हाणीत पाय घसरेल. साडेतीन वर्षं थांबलेल्या बाईला असं कुठेतरी कोपऱ्यात टाकायचं? हे पटत नाही. नूतन म्हणाली, हॉलमध्ये खाट टाकू, मी अन् त्या बोलत बसू. बायकांना प्लॅनिंग नसतं.

८ नोव्हेंबर, शुक्रवार

बँकेत गेलो. हिमांशूनं या वेळी पाणी दिलं नाही, चहा दिला. मी त्याला मायच्या खोलीचा विचार सांगितला. मागच्या मोकळ्या जागेत दहा बाय बारा, जोडून न्हाणी, कमोड, आत-बाहेर दोन्हीकडून कडी. तो म्हणाला, टॉप-अप मिळेल सर, तीन लाख. तुमचा रेकॉर्ड चांगला आहे, एकही हप्ता चुकला नाही. ऐकून फार बरं वाटलं. दहा वर्षं, हप्ता फक्त तीन हजार आठशे ब्याऐंशी. एवढे तर कुठूनही निघतात.

तो काहीतरी म्हणत होता, मार्चमध्ये मी सांगितलं होतं तेव्हा... मी म्हटलं, तो विषय वेगळा होता. सही केली. अकरा ठिकाणी.

१० नोव्हेंबर, रविवार. सकाळी ७

नूतन बोलत नाही. ती डबा बांधून तयार बसली होती.

निर्मलाबाईंच्या फोनवर फोन लावला. या वेळी मायला द्या म्हटलं. तिला सगळं नीट समजावलं. खोलीचं काम पुढच्या पोळ्यापर्यंत होईल, मिस्त्री भरवशाचा आहे, फरशी खरखरीत टाकणार आहोत, पाय घसरणार नाही. खोली झाली की लगेच नेतो. सगळं तिच्यासाठीच चाललं आहे.

माय म्हणाली, बरं.

मी फोन ठेवायला लागलो. तेवढ्यात तिनं विचारलं, बाबू, गाठोडं बांधून ठेवलं हाय मी गुरवारपासून. सोडू का मंग?

मी म्हटलं, सोड सध्या.